चादरीचे दुसरे टोक

मित्रांनो, मी एक जुना प्रोजेक्टर आहे. बालाघाटजवळच्या किरनापूरला बसस्टँडच्या मागे नूतनबाईंचे घर आहे. त्या घराच्या आतल्या खोलीत, तांदळाच्या कोठीवर माझा मुक्काम असतो. अंगावर जुन्या लुगड्याचा तुकडा पांघरलेला असतो. कुणाला मी शिवणयंत्र वाटतो, कुणाला शेवया पाडायचे यंत्र. माझ्या या एका काचेच्या डोळ्यातून एके काळी घोडे धावत, आगगाड्या जात आणि हसती-रडती माणसे भिंतीएवढी मोठी होत, हे लहान मुलांना सांगूनही खरे वाटत नाही.

आज मी तुम्हाला माझी कथा सांगणार आहे. पण माझी निम्मी कथा म्हणजे मॉड पेंडल नावाच्या एका विलायती नटीची कथा आहे. तुम्ही तिचे नाव ऐकले नसेल. तिच्या स्वतःच्या देशातही ते फारसे कुणी ऐकले नव्हते.

माझा जन्म विलायतेतल्या एका कारखान्यात झाला. जहाजाने मी मुंबईला आलो, तिथून मोठ्या गाडीने गोंदियाला आणि गोंदियाहून छोट्या लाइनीच्या गाडीने डुलत डुलत बालाघाटला. बालाघाटजवळ मँगनीजची एक खाण होती आणि खाणीवर साहेबांचा क्लब होता. देश स्वतंत्र होऊन चार-पाच वर्षे झाली होती, तरी काही इंग्रज अधिकारी अजून तिथे राहत होते. शनिवारी संध्याकाळी त्यांना त्यांच्या देशाचा सिनेमा दिसावा, म्हणून मला आणले होते.

मला चालवायचे काम महागूकडे आले. महागू किरनापूरचा. खाणीत विजेच्या तारा दुरुस्त करणारा, बारीक अंगाचा आणि कमी बोलणारा तरुण. माझ्या दातांवर फिल्म चढवताना तो श्वास धरून ठेवी. धोतराच्या मऊ फडक्याने माझे भिंग पुसताना जणू तान्ह्या बाळाचे तोंड पुसतो आहे, असे वाटे. साहेब म्हणत, “महागूच्या हातात मशीन कधी खोकत नाही.” ते ऐकून मलाही अभिमान वाटे.

क्लबच्या दिवाणखान्यात पांढरा पडदा लावलेला असे. पडद्यासमोर वेताच्या खुर्च्यांवर साहेब आणि त्यांच्या मडमा बसत. खानसामे, माळी, झाडूवाले आणि त्यांच्या बायका पडद्याच्या मागच्या व्हरांड्यात पोती अंथरून बसत. पडदा पातळ होता, त्यामुळे मागूनही चित्र दिसे. फक्त उजव्याचे डावे आणि डाव्याचे उजवे होई. मागच्यांची त्याबद्दल काही तक्रार नव्हती.

महागूची बायको शेवंता क्लबच्या स्वयंपाकघरात कामाला होती. नवे लग्न झालेले, डोळे टपोरे आणि जीभ मोकळी. भांडी आवरून ती व्हरांड्यात येऊन बसे. तिला इंग्रजीचा एक शब्द कळत नव्हता, पण माणसे बरोबर ओळखता येत होती. एका शनिवारी खेळ संपल्यावर ती महागूजवळ आली.

“मी म्हनतो, हे चष्म्यावाली बाई मागच्या वेळी त्या मोठ्या बंगल्यात काम करत होती ना? आता या दुसऱ्या घरी कशी आली?”

“सोडलं असन तिनं ते घर,” महागू रीळ गुंडाळत म्हणाला.

पुढच्या खेळात तीच बाई दवाखान्यात नर्स होती. त्यानंतर एका घरमालकिणीच्या रूपात आली, मग एका पोस्टात खिडकीमागे बसलेली दिसली. शेवंताला राहवेना.

“या बाईले एका जागी राहूच देत नाही काय? पोट भराले किती फिरावं मानसानं!”

तेव्हा महागूने खाणीच्या कचेरीतल्या मधुकररावांना विचारले. मधुकरराव बालाघाटचे, सरकारी नोकरी करत आलेल्या घराण्यातले. कचेरीत कारकून होते आणि साहेबांनी वाचून टाकलेली सिनेमाची मासिके घरी नेऊन वाचत. त्यांनी शेवटी सरकत जाणाऱ्या नावांत तिचे नाव शोधून दिले. ते नेहमी तळाशीच असे. मॉड पेंडल. शेवंताने लगेच त्याचे ‘मोडबाई’ केले, आणि पडद्यामागच्या व्हरांड्यात सगळे तिला मोडबाईच म्हणू लागले.

मधुकररावांनी पुढे मासिकांतून वाचून तिची हकीकत सांगितली. मोडबाई कापडगिरण्यांच्या एका काळवंडलेल्या गावात जन्मली होती. आई लोकांचे कपडे धुऊन देई. पोर वयात आली तशी एका फिरत्या नाटक कंपनीत कपड्यांना इस्त्री करायला लागली. एके दिवशी म्हातारीचे काम करणारी नटी आजारी पडली. कुणीच नव्हते, म्हणून या मुलीने केसांना पिठी लावली, पाठीत वाकली आणि रंगमंचावर गेली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. झाले! त्यानंतर तिला तरुणीचे काम कुणी कधी दिलेच नाही. विशीत पांढरे झालेले तिचे केस पुन्हा काळे झाले नाहीत.

सिनेमात तिने काय काय केले म्हणाल, तर दारे उघडली. पाहुण्यांचे कोट घेतले. चहाचे ताट आणले. युद्धाच्या काळात जखमी शिपायांच्या उशा सारख्या केल्या. नायक आणि नायिका एकमेकांकडे पाहत उभे असले, की ही मागे काहीतरी पुसत असे. एका सिनेमात तिला एकच वाक्य होते: “साहेब घरी नाहीत.” पण ते ती अशी म्हणाली, की साहेब घरातच आहेत, दारूच्या धुंदीत आहेत आणि हे ती कित्येक वर्षे लोकांना सांगत आली आहे, हे सगळे पाहणाऱ्याला कळले. मित्रांनो, माझ्यातून शेकडो चेहरे गेले, पण एका वाक्यात एवढे घर उभे करणारा दुसरा चेहरा मला आठवत नाही.

मग एक नवल घडले. विलायतेची एक सिनेमा कंपनी शूटिंगसाठी बालाघाटकडच्याच बिरसाच्या जंगलात आली. साजाच्या आणि सालाच्या झाडांखाली तंबू लागले. खाणीच्या मोठ्या साहेबांनी मदत म्हणून क्लबचे स्वयंपाकी पाठवले, दुभाषी म्हणून मधुकररावांना पाठवले आणि कंपनीची करमणूक व्हावी म्हणून महागूसोबत मलाही पाठवले. जेवणाच्या मोठ्या तंबूत एका टेबलावर माझी जागा झाली.

पहिल्याच दुपारी एक जीप थांबली आणि त्यातून एक ठेंगणी, पिकल्या केसांची बाई उतरली. डोळ्यांवर जाड चष्मा होता आणि पाय सुजलेले होते. शेवंता तांदूळ निवडत तंबूच्या दारात बसली होती. तिच्या हातातले सूप खाली पडले.

“अवं माय! मोडबाई!”

बाई दचकून वळली. मधुकरराव पुढे झाले. तिने त्यांना विचारले, ही मला कशी ओळखते? लंडनच्या बसमध्ये शेजारी बसलेला माणूसही मला ओळखत नाही.

शेवंताने उत्तर तोंडाने दिलेच नाही. ती उठली आणि करून दाखवू लागली. दोन्ही हातांत ताट धरून कोपराने दार लोटणारी मोलकरीण. जिना चढताना दर पायरीला धापा टाकणारी घरमालकीण. पदराने चष्मा पुसून पुन्हा पाहणारी पोस्टातली बाई. ‘साहेब घरी नाहीत’ म्हणताना मोडबाईचा चेहरा जसा होई, तसा चेहरा करून ती काहीतरी इंग्रजीसारखे बोलली, तेव्हा मोडबाई हसता हसता स्टुलावर बसली. तिचे डोळे भरून आले होते. चष्मा काढून ती पुसू लागली, आणि मग एकदम थांबली.

“तिला विचारा,” ती मधुकररावांना म्हणाली, “मी चष्मा उजव्या हाताने पुसते. ही मला डाव्या हाताने का दाखवते?”

“आमी पडद्याच्या मांगं बसतो ना,” शेवंता म्हणाली. “तिथून तुमचा तोच हात दिसते.”

मधुकररावांनी ते सांगितले. मोडबाईने चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. मग म्हणाली, “इतकी वर्षे मला वाटत होते, मला समोरूनही कुणी पाहत नाही. इथे तर मागून पाहणारेही निघाले.”

त्या संध्याकाळी मी खेळ सुरू केला, तेव्हा मोडबाई आपली खुर्ची सोडून पडद्यामागे गेली आणि शेवंताशेजारी पोत्यावर बसली.

या सिनेमात मोडबाई एका मिशनरी डॉक्टरची थोरली बहीण झाली होती. जंगलात तापाची साथ येते आणि त्यात भाऊ मरतो. त्यानंतर बहिणीला चांगले मोठे भाषण होते. एवढ्या वर्षांत तिला पहिल्यांदाच इतके शब्द मिळाले होते. रोज सकाळी ती तंबूंच्या मागे फेऱ्या घालत ते म्हणे. चूल पेटवता पेटवता शेवंता ऐके. अर्थ कळत नसे, पण कुठे आवाज थरथरतो, ते तिला पाठ झाले होते.

पण नायकाचे पोट बिघडले आणि काम लांबले. कंपनीची परतीची बोट ठरलेली होती. एका दुपारी जेवताना दिग्दर्शक सहज म्हणाला, “मॉडचे भाषण काढून टाकू. ती नुसती दारात उभी राहील. पुरे.”

मोडबाईने हातरुमालाची नीट घडी घातली आणि म्हणाली, “ठीक आहे.” हे ‘ठीक आहे’ मी तिच्या तोंडून पडद्यावर पुष्कळदा ऐकले होते. नेहमी मालकिणीला उद्देशून असे.

शेवंताने मधुकररावांना विचारले, काय झाले? त्यांनी हळूच सांगितले. ते ऐकून शेवंता हातात वाढायचा डाव घेऊन तशीच दिग्दर्शकाच्या टेबलापुढे जाऊन उभी राहिली.

“साहेब, या बाईले एवढ्या दुरून जहाजात घालून आनलं. रोज सकाळी ते पाठ करून राह्यली, मी आपल्या कानानं आईकतो. अन आता दारात उभी करता? दारात त ते जनमभर उभी राह्यली! तिचा भाऊ मेला त तिनं रडावं बी नोको? काहून?”

तंबूत चमच्यांचे आवाज थांबले. माझ्याजवळ उभ्या असलेल्या महागूने माझे झाकण घट्ट धरून ठेवले. नवरा-बायको दोघांची नोकरी एका क्षणात जाऊ शकत होती.

“काय म्हणते ही?” दिग्दर्शकाने विचारले.

मधुकररावांनी हातातली ताटली सावरली. त्यांच्याही घरी खाणारी सहा तोंडे होती. “ती म्हणते, साहेब,” ते अडखळले, “भाजी थंड होते आहे.”

शेवंताला इंग्रजी येत नव्हते, पण मधुकररावांचा चेहरा वाचता येत होता. “बाबूजी,” ती म्हणाली, “मी इतकंच बोलली काय?”

मधुकररावांनी आपली ताटली खाली ठेवली. “माफ करा साहेब,” ते म्हणाले, “मी चुकीचे सांगितले.” आणि मग त्यांनी शब्दन् शब्द इंग्रजीत सांगितला. दारात जन्मभर उभी राहिल्याचा सुद्धा.

दिग्दर्शकाचा चेहरा लाल झाला. त्याने शेवंताकडे पाहिले, मग मोडबाईकडे. रागावेल असे वाटले होते, पण तो नुसता थकल्यासारखा दिसला. “मॉड, वेळ खरेच नाही,” तो म्हणाला. “आवाज नोंदवणारी गाडी उद्या निघून जाते आहे.”

“मग शब्द नकोत,” मोडबाई म्हणाली. “परवा सकाळी मला थोडा वेळ दे. एक मोठी चादर दे. आणि ही बाई दे.”

पुढचे शूटिंग मी स्वतः पाहिले नाही. मी तंबूतच होतो. महागूने ते नंतर इतक्या वेळा सांगितले आहे, की पाहिल्यासारखेच वाटते.

तंबूंच्या मागे दोरीवर मेलेल्या भावाची धुतलेली चादर वाळत घातली. मोडबाई आली. दोरीवरून तिने चादर काढली आणि एकटीच तिची घडी घालू लागली. चादर मोठी आणि ती ठेंगणी. एक टोक हनुवटीखाली धरावे, तर दुसरे जमिनीला लागे. तिने पुन्हा प्रयत्न केला. मग कॅमेऱ्याच्या चौकटीत शेवंता आली आणि तिने दुसरे टोक धरले. शेवंताला कॅमेऱ्याचे भानच नव्हते. घरी सासूबरोबर घालावी, तशी ती घडी घालत होती. दोघी लांब जात, जवळ येत, पुन्हा लांब जात. मोडबाईच्या चेहऱ्यावर काहीच नव्हते. शेवटच्या घडीला दोघींचे हात एकत्र आले, आणि मोडबाईने शेवंताची बोटे धरली ती सोडलीच नाहीत. खांदे तेवढे हलत होते.

“राहू द्या बाई,” शेवंता म्हणाली. “द्या इकडं. मी ठेवून देईन.”

आवाजाची गाडी गेलेली होती, त्यामुळे ते शब्द कुठेच नोंदले गेले नाहीत. दिग्दर्शक बराच वेळ ‘कट’ म्हणायला विसरला, असे महागू सांगे.

कंपनी गेली. निघताना शेवंताने मोडबाईला फडक्यात बांधून तांदळाच्या पापड्या दिल्या. मोडबाईने त्या पेटीत न ठेवता मांडीवर घेतल्या आणि जीप जंगलाच्या वळणावर दिसेनाशी झाली.

पुढे दीड-दोन वर्षांनी त्या सिनेमाचे डबे छोट्या लाइनीने बालाघाटला आले. मोठ्या साहेबांच्या मडमांनी शेवंताला बोलावून समोर, खुर्च्यांशेजारी बसवले. महागूने माझे भिंग दोनदा पुसले आणि मला सुरू केले. मोडबाईचे काम बरेच कापले होते. पण चादर होती. सगळी होती. ती चालू असताना क्लबमध्ये कुणी सिगारेट पेटवली नाही. शेवंता पदर तोंडाशी धरून स्वतःलाच पाहत होती.

सिनेमा संपला. खुर्च्या सरकल्या, साहेब लोक उठले. महागूने मात्र मला बंद केले नाही. शेवटचे नाव जाईपर्यंत त्याने मला चालू ठेवले. मॉड पेंडल आली. शेवंताचे नाव कुठे नव्हते. महागू चिडला.

“माह्यं नाव काहाले?” शेवंता हसून म्हणाली. “मी त फक्त चादर धरली होती.”

त्या चादरीबद्दल लंडनच्या एका मासिकात छापून आले, ते मधुकररावांनी वाचून दाखवले. मोडबाईला पुढे थोडी बरी कामे मिळाली. एका न्यायाधीशाची आई झाली, एका मठाची प्रमुख झाली. “आता तिले बसाले खुर्ची देतात,” महागू म्हणे. मग टीव्ही आला आणि ती पुन्हा घरमालकीण झाली, पण काम तिने अखेरपर्यंत सोडले नाही. समुद्रकाठच्या एका गावी ती वारली. मधुकरराव तेव्हा म्हातारे झाले होते. इंग्रजी पेपरात चार ओळी वाचून ते बसने किरनापूरला आले आणि शेवंताला सांगितले. शेवंता उठली आणि विहिरीवर जाऊन डोक्यावरून पाणी घेतले. “सुतक नाही लागत,” ती म्हणाली, “पन आंघोळ त करा लागते.”

तोवर माझेही दिवस फिरले होते. साहेब गेले, क्लब बंद पडला. मला कुणी नेईना, म्हणून महागूने घरी आणले. काही वर्षे मी गणपतीत आणि शाळांत खेळ केले. पुढे व्हिडिओ आला. माझा दिवा गेला आणि तसा दिवा मिळेना. तरी महागू जगला तोवर मला तेल देत असे. तो गेला, मग शेवंताही गेली. मी कोठीवर चढलो तो चढलोच. उंदरांनी माझा पट्टा खाल्ला.

आता गेल्या हिवाळ्यातली गोष्ट. नूतनबाई म्हणजे महागू-शेवंताची मुलगी. घराला नवी फरशी बसवायची होती, म्हणून नूतनबाईंच्या मुलाने, हेमराजने, भंगारवाल्याला बोलावले.

“मम्मी, ये लोहा किस काम का? जगह घेरके बैठा है,” तो म्हणाला.

“तुह्या आज्याचं आहे ते,” नूतनबाई म्हणाल्या, पण त्यांच्या आवाजात जोर नव्हता.

हेमराजची बहीण मयुरी बालाघाटला शाळेत शिकवते. ती त्या दिवशी घरी होती. मराठीपेक्षा तिला हिंदी जवळची. तिने विचारले, “मम्मी, आजी सच में पिक्चर में थी क्या? की नुसती गोष्ट आहे?”

“हौ, होती ना. मोडबाईसोबत. मोड पेंडल. बाबा रोज नाव घेत.”

मयुरी फोन घेऊन बसली. नाव दोन-तीन तऱ्हांनी लिहून पाहिले. आणि मित्रांनो, तो सिनेमा सापडला! कुणीतरी तो इंटरनेटवर टाकून ठेवला होता. मयुरीने फोन माझ्या अंगाला टेकवून उभा केला. ज्या चित्राला मी भिंतीएवढे करत असे, ते आता तळहाताएवढे होऊन माझ्या कुशीत चालू होते. मला त्याचा हेवा वाटला नाही.

जंगल आले. दोरी आली. मोडबाई आली. मग चौकटीत एक बावीस-तेवीस वर्षांची, टपोऱ्या डोळ्यांची मुलगी आली आणि तिने चादरीचे टोक धरले.

या घरात शेवंताचा एकच फोटो होता, म्हातारपणीचा, मतदान ओळखपत्रावरचा. नूतनबाईंनी आपल्या आईला एवढ्या तरुण वयात कधी पाहिले नव्हते. त्यांनी बोट पुढे केले, काचेला लावले, आणि चित्र तिथेच थांबले.

“माय आहे माही,” त्या म्हणाल्या. “पाह्य मयुरी, तुह्यापेक्षा लहान आहे.”

हेमराज भंगारवाल्याशी बोलत दारात उभा होता. तो आत येऊन खाली बसला. “और एक बार लगा,” तो म्हणाला. त्यांनी ते तीनदा लावले. भंगारवालाही दोनदा पाहून रिकाम्या हाताने गेला.

शेवटी नावे आली. मयुरीने ती सगळी वाचली. मग सिनेमाच्या खाली, जिथे लोक आपले मत लिहितात, तिथे तिने आधी हिंदीत लिहिले, ते पुसले आणि मराठीत लिहिले: “चादरीचे दुसरे टोक धरणारी बाई म्हणजे माझी आजी, शेवंताबाई. गाव किरनापूर.” एक वेलांटी चुकली होती. नूतनबाईंनी ती दुरुस्त करायला लावली.

मित्रांनो, मी आता चालत नाही आणि चालेन अशी आशाही नाही. मला पुसले नाही तरी चालेल. एवढेच करा. सिनेमा संपला, की लगेच उठू नका. अगदी तळाचे नाव जाईपर्यंत बसा. ज्यांचे नाव तिथेही नाही, त्यांच्याबद्दल घरातल्या मोठ्यांना आजच विचारा. आणि त्यांनी सांगितलेले नाव नीट, शुद्ध लिहून ठेवा.